उशिरा केलेलं अपील आणि दुसऱ्याचा निकाल

(रौप्यमहोत्सवी वर्षानिमित्त सोसायटीच्या सभागृहात झालेल्या व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याची भाषा शक्यतो तशीच ठेवली आहे.)



समितीनं मला विषय दिला होता 'सोसायटी आणि कायदा'. एवढा मोठा विषय तासाभरात मांडायचा तर कलमांचे आकडे ऐकूनच तुम्ही चहाकडे वळाल. म्हणून त्यातला एकच तुकडा घेतो. निकाल विरुद्ध लागला की घरात, जिन्यात, कमिटीच्या मीटिंगमध्ये दोन वाक्यं हमखास ऐकू येतात. पहिलं, "अहो, थोडा उशीर झाला तर काय बिघडतं? कोर्ट माफ करतं." आणि दुसरं, "अमक्यांच्या केसमध्ये असाच निकाल लागलाय, आपलंही होईल." दोन्ही वाक्यं अर्धी खरी आहेत. पण दोन्ही एकत्र आली, की माणूस दुसऱ्याच्या निकालाची वाट बघत बसतो आणि स्वतःची मुदत घालवतो. यात लोकांचे पैसे जातात, हक्क जातात, आणि क्वचित घरही जातं.

आधी मुदतीचं बघू. आपल्याकडे मुदतीचा कायदा १९६३ सालचा आहे. त्याचं कलम ३ फार कडक आहे. मुदत टळल्यावर आलेला दावा, अपील किंवा अर्ज न्यायालयानं फेटाळायचाच, समोरच्यानं मुदतीचा मुद्दा काढला नसला तरी. त्यानंतर कलम ५ येतं. ते म्हणतं की अपील किंवा अर्ज वेळेत न करण्याला 'पुरेसं कारण' होतं हे पटवून दिलं, तर न्यायालय उशिराही ते दाखल करून घेऊ शकतं. इथे दोन शब्दांकडे लक्ष द्या. कलम ५ अपिलाला आणि अर्जाला लागू आहे, मूळ दाव्याला नाही. दिवाणी दावा मुदतीबाहेर गेला, तर या कलमाचा आधार मिळत नाही. आणि 'घेऊ शकतं' म्हणजे घेईलच असं नाही. माफी हा हक्क नव्हे.

आता मुदत किती? दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यावर उच्च न्यायालयात अपील करायचं तर ९० दिवस, खालच्या अपील न्यायालयात करायचं तर ३० दिवस. आपला महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० सालचा. त्यात सहकार न्यायालयाच्या निर्णयावर अपील न्यायालयात जायला कलम ९७ प्रमाणे दोन महिने आहेत. महारेराच्या आदेशावर अपील न्यायाधिकरणाकडे जायला ६० दिवस. जिल्हा ग्राहक आयोगाच्या आदेशावर राज्य आयोगाकडे जायला ४५ दिवस, आणि पैसे भरण्याचा आदेश झाला असेल तर अपिलासोबत निम्मी रक्कम भरावी लागते. थकबाकीच्या वसुली दाखल्यावर रिव्हिजन करायची असली, तरी आधी निम्मी रक्कम सोसायटीकडे भरल्याशिवाय अर्ज ऐकला जात नाही. थोडक्यात, प्रत्येक दाराची वेळ वेगळी आहे. "नव्वद दिवस असतात ना?" असं कुणी म्हणालं की त्याला विचारा, कुठल्या दाराचे?

दोन महिने म्हणजे साठ दिवसही नव्हेत, बरं का. महिना कॅलेंडरचा धरतात. १० जानेवारीला निर्णय झाला तर १० मार्चपर्यंत. अपिलासाठी निकालाचा दिवस मोजत नाहीत. प्रमाणित नक्कल मिळायला लागलेला वेळही वजा होतो. पण तो कुठून? नकलेचा अर्ज केल्या दिवसापासून. निकालानंतर चाळीस दिवस हातावर हात ठेवून बसलात आणि मग नकलेला अर्ज केलात, तर ते चाळीस दिवस तुमच्याच खात्यावर. म्हणून निकाल लागला की त्याच दिवशी नकलेचा अर्ज करून ठेवावा. अपील करायचं की नाही, ते मग निवांत ठरवता येतं.

समजा, मुदत गेली. आता 'पुरेसं कारण' म्हणजे काय? कायद्यात याची यादी नाही. ती न्यायालयांनी एकेका प्रकरणातून घडवली आहे, आणि इथेच जुन्या निकालांचा संबंध येतो.

१९६१ साली सर्वोच्च न्यायालयासमोर रेवा कोलफील्ड्स कंपनीच्या खटल्यात प्रश्न आला तो फक्त एका दिवसाच्या उशिराचा. निकाल लिहिला न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकरांनी. साताऱ्याचा हा माणूस पुढे देशाचा सरन्यायाधीश झाला. समोरच्या बाजूचं म्हणणं असं, की शेवटच्या दिवशी आजारी होता हे ठीक, पण त्याआधीचे सगळे दिवस काय करत होता? गजेंद्रगडकरांनी सांगितलं, की मुदतीचा शेवटचा दिवस ही माणसाला कायद्यानं दिलेली सवलत आहे. शेवटच्या दिवसापर्यंत थांबला हा त्याचा दोष धरता येत नाही. मुदत संपल्यापासून अपील दाखल होईपर्यंतच्या काळाचं कारण तेवढं त्यानं द्यायचं. पण त्याच निकालात दुसरी बाजूही आहे. मुदत टळली की जिंकलेल्या पक्षाच्या बाजूनं एक हक्क तयार होतो आणि तो सहज काढून घ्यायचा नसतो. पुरेसं कारण दाखवलं तरीही माफी द्यायची की नाही हे शेवटी न्यायालयाच्या विवेकावर असतं. दोन्ही बाजू एकाच निकालात आहेत. आपण मात्र आपल्या सोयीची तेवढी वाचतो.

पुढे १९८७ साली अनंतनागच्या भूसंपादन जिल्हाधिकाऱ्यांचं प्रकरण आलं. वकील मंडळी त्याला 'कातीजी' म्हणून ओळखतात. सरकारचं अपील चार दिवस उशिरा आलं आणि उच्च न्यायालयानं ते फेटाळलं. सर्वोच्च न्यायालयानं ते दाखल करून घ्यायला लावलं. भूमिका अशी, की उशिरा येऊन कुणाचा फायदा होत नसतो, आणि तांत्रिक कारणावरून दार लावण्यापेक्षा खरं-खोटं तपासून न्याय करावा. 'दिवसादिवसाचा हिशेब द्या' या सूत्राचा अतिरेक करू नये, नाहीतर तासाचा आणि सेकंदाचाही मागावा लागेल. आजही उशीर माफीच्या बहुतेक अर्जांत हा निकाल जोडलेला सापडतो. १९९८ साली बालकृष्णन प्रकरणात तर ८८३ दिवसांचा उशीर माफ झाला. का? त्या माणसानं काम वकिलाकडे सोपवलं होतं, तिथे हयगय झाली, आणि त्याबद्दल त्यानं ग्राहक मंचात जाऊन पन्नास हजारांची भरपाईही मिळवली होती. म्हणजे तो झोपला नव्हता हे कागदावर दिसत होतं. न्यायालय म्हणालं, दिवस किती हे महत्त्वाचं नाही, कारण पटण्याजोगं आहे का ते महत्त्वाचं.

हे ऐकून तुम्हाला वाटेल, चला, ८८३ दिवस माफ होतात तर आपले दोनशे कुठे! थांबा. २०१२ साली टपाल खात्याचं अपील ४२७ दिवस उशिरा आलं. खात्याचं म्हणणं होतं, फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती. सर्वोच्च न्यायालयानं ते फेटाळलं. आता संगणक आहेत, संपर्काची साधनं आहेत, फाइल फिरत होती हे कारण चालणार नाही, मुदत सरकारलाही बांधील आहे, असं स्पष्ट सांगितलं. २०२० साली मध्य प्रदेश सरकार ६६३ दिवसांनी आलं. त्याचं अपील तर गेलंच, वर पंचवीस हजारांचा खर्च बसला आणि तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करा असंही सांगितलं गेलं.

मग चार दिवस माफ, ८८३ माफ, ४२७ नामंजूर, ६६३ नामंजूर. हा लहरीचा खेळ आहे का? तसं नाही. आकडा बाजूला ठेवून कारण वाचलं की धागा दिसतो. २०२३ च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयानं स्पष्टीकरण आणि सबब यांत फरक केला आहे, तो आपल्याला घरातही समजतो. मूल शाळेत उशिरा पोचतं तेव्हा रस्त्यात पाणी भरलं होतं हे स्पष्टीकरण. "मला वाटलं आज पहिला तास नाही," ही सबब. आता सोसायटीचीच नेहमीची कारणं घ्या. कमिटी बदलली. आधीच्या सचिवांनी दप्तर दिलं नाही. सर्वसाधारण सभेत ठराव व्हायचा होता. वकिलांच्या फीबद्दल एकमत होईना. यांपैकी दप्तराचं कारण, मागणीची पत्रं आणि पोच जोडली तर, स्पष्टीकरण होऊ शकतं. बाकीची मला तरी टपाल खात्याच्या फाइलीची धाकटी भावंडं वाटतात.

काही दारं तर अशी आहेत, की कारण कितीही खरं असलं तरी उघडत नाहीत. लवादाचा निवाडा रद्द करून घ्यायचा अर्ज तीन महिन्यांत करायचा, कारण दाखवलं तर आणखी ३० दिवस, त्यापुढे एक दिवसही नाही. हे सर्वोच्च न्यायालयानं २००१ साली पक्कं केलं. ग्राहक तक्रारीला लेखी उत्तर द्यायला ३० दिवस आणि वर जास्तीत जास्त १५. ४ मार्च २०२० रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठानं सांगितलं, की ४५ दिवसांच्या पुढे आयोगाला अधिकारच नाही. पुनर्विकासाच्या करारात लवादाचं कलम असतं, ते सही करताना कुणी वाचत नाही, म्हणून मुद्दाम सांगतो. आपल्या सहकार कायद्याच्या कलम १५३ मध्ये अपिलाचा उशीर माफ करायचा अधिकार स्वच्छ दिलेला आहे, पण तिथेही शब्द तेच, 'पुरेसं कारण'. कोरोनाच्या काळाचं उदाहरण अनेकांना आठवत असेल. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला गेला. पण तो सर्वोच्च न्यायालयानं सगळ्या देशासाठी एकदम दिलेला आदेश होता. प्रत्येक संकटाला असा आदेश मिळत नाही.

आता दुसऱ्या वाक्याकडे येतो. "असाच निकाल आधी लागलाय."

जुना निकाल पाळायचा हे तत्त्व चांगलं आहे. तसं नसतं तर एकाच जिन्यातल्या दोन सभासदांना एकाच प्रश्नावर दोन न्याय मिळाले असते. राज्यघटनेचं कलम १४१ सांगतं, की सर्वोच्च न्यायालयानं घोषित केलेला कायदा देशातल्या सर्व न्यायालयांना बंधनकारक आहे. मुंबई उच्च न्यायालयाचा निर्णय महाराष्ट्रातल्या सहकार न्यायालयाला, उपनिबंधकांना बांधतो. दुसऱ्या राज्याच्या उच्च न्यायालयाचा निर्णय आदरानं वाचला जातो, पण तो बंधन नव्हे. मोठ्या पीठाचा निर्णय लहान पीठाला बांधतो. एकट्या न्यायाधीशाला दोन न्यायाधीशांच्या पीठाचा निर्णय पटला नाही, तर तो बाजूला सारता येत नाही. प्रकरण मोठ्या पीठाकडे न्यावं अशी विनंती मुख्य न्यायमूर्तींकडे करावी लागते.

पण निकालातलं काय बांधतं? सगळं नाही. ज्या वस्तुस्थितीवर जो प्रश्न आला आणि ज्या कारणानं तो सुटला, ते कारण बांधतं. ओघात आलेली वाक्यं बांधत नाहीत. एखादी गोष्ट वेगळी निघाली, की निकाल लागू होत नाही. म्हणून व्हॉट्सॲपवर फिरणारी 'कोर्टाने सांगितले' अशी तीन ओळींची बातमी घेऊन वकिलाकडे गेलात, तर तो पहिलं विचारेल, पूर्ण निकाल कुठाय?

आपल्या ओळखीचं उदाहरण घेऊ. फ्लॅट भाड्यानं दिला की सोसायटी बिनभोगवटा शुल्क लावते. पूर्वी ते मनाला येईल तसं लावलं जायचं. राज्य सरकारनं १ ऑगस्ट २००१ रोजी त्यावर मर्यादा घातली, सेवाशुल्काच्या दहा टक्क्यांपेक्षा जास्त नाही. सेवाशुल्क दोन हजार असेल तर जास्तीत जास्त दोनशे. काही सोसायट्यांनी याला आव्हान दिलं. २००७ साली माँट ब्लाँ सोसायटीच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयानं सरकारचा निर्णय कायम ठेवला. आज कुठल्याही सभासदाला हा निकाल दाखवता येतो. हे झालं जुन्या निकालाचं बळ.

आता समजा, दोन सभासद आहेत. दोघांविरुद्ध एकाच मुद्द्यावर, एकाच दिवशी, सोसायटीच्या बाजूनं निर्णय झाला. पहिला वेळेत अपिलात गेला. दुसरा म्हणाला, "तो लढतोय ना, लढू दे. तो जिंकला की त्याचा निकाल दाखवून आपलंही काम होईल." चार वर्षांनी पहिला जिंकला. दुसरा त्याचा निकाल घेऊन आला. मुद्दा तोच, कायदा तोच. मिळेल का त्याला दाद?

अशाच प्रश्नावर आपल्या मुंबईतलंच एक जुनं प्रकरण आहे. तिलोकचंद मोतीचंद या पेढीकडून विक्रीकर खात्यानं १९५८ च्या आदेशानं काही रक्कम जप्त केली. पेढी उच्च न्यायालयात हरली, पैसे भरून गप्प बसली. १९६७ साली दुसऱ्याच एका पक्षाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं तशाच स्वरूपाची तरतूद अवैध ठरवली. लगेच १९६८ साली ही पेढी थेट सर्वोच्च न्यायालयात गेली, की आमचेही पैसे परत द्या. पाच न्यायाधीशांनी ऐकलं. तीन विरुद्ध दोन अशा बहुमतानं याचिका फेटाळली गेली. सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांच्या म्हणण्याचा सारांश असा, की ज्याला तरतूद अवैध वाटत होती त्यानं तेव्हाच लढायला हवं होतं, दुसऱ्यानं लढून जिंकल्यावर जागं होऊन चालत नाही. दोन न्यायाधीशांचं मत वेगळं होतं, हेही सांगायला हवं. प्रश्न सोपा नव्हता. पैसे अवैध तरतुदीखाली गेले असतील तर ते परत का मिळू नयेत, असं कुणालाही वाटेल.

हा विचार आजही टिकून आहे. २०२४ साली भूसंपादनाच्या भरपाईचं एक अपील तब्बल ५,६५९ दिवस उशिरा आलं, म्हणजे साधारण साडेपंधरा वर्षं. सर्वोच्च न्यायालयानं नकार देताना सांगितलं, की तशाच प्रकरणात इतरांना दाद मिळाली एवढ्यावरून उशीर माफ होत नाही. आपल्या उशिराचं कारण आपल्यालाच द्यावं लागतं. दिवाणी प्रक्रिया संहितेत तर स्पष्ट लिहून ठेवलंय, की वरच्या न्यायालयानं नंतर दुसऱ्या प्रकरणात कायद्याचा अर्थ बदलला, या कारणावर जुन्या निकालाचं पुनर्विलोकन मागता येत नाही. कधीकधी न्यायालयं मधला मार्ग काढतात. भूसंपादनाच्या काही प्रकरणांत उशीर माफ केला, पण तेवढ्या काळाचं व्याज नाकारलं. तीही मेहरबानीच.

म्हणजे बघा, जुना निकाल तुमच्या वादाला बळ देतो, तुमच्या उशिराला नाही. दार उघडं असताना आत गेलात तर तो निकाल उपयोगी. दार लागल्यावर तोच निकाल हातात धरून बाहेर उभं राहावं लागतं.

कुणी म्हणेल, हा अन्याय नाही का? बरोबर असलेला माणूस केवळ कॅलेंडरमुळे हरतो! मला याचं उत्तर समोरच्या बाजूला उभं राहिल्यावर मिळतं. समजा, आपल्याच इमारतीतल्या एखाद्या आजींनी गळतीच्या किंवा वारसाच्या वादात निकाल मिळवला. मुदत गेली, कुणी अपिलात गेलं नाही. त्यांनी घर रंगवलं, नातवाच्या नावानं नामनिर्देशन केलं, मनावरचं ओझं उतरलं. आणि चार वर्षांनी दारात बेलिफ नोटीस घेऊन उभा. सगळं पुन्हा पहिल्यापासून. वयाच्या ऐंशीव्या वर्षी त्यांनी आणखी किती थांबायचं? मुदत ही हरलेल्याला अडवण्यासाठी जेवढी आहे, तेवढीच जिंकलेल्याला एक दिवस सुखानं झोपता यावं म्हणून आहे. उशीर माफीचा अर्ज वाचताना न्यायाधीशाच्या डोळ्यासमोर या दोन्ही व्यक्ती असतात. आपण अर्ज लिहिताना मात्र स्वतःच असतो.

जाता जाता आपल्या कमिटीसाठी थोड्या व्यवहाराच्या गोष्टी. निकाल, आदेश किंवा नोटीस ज्या दिवशी हातात येईल तो दिवस आवक नोंदवहीत लिहा, पाकीटही जपून ठेवा. त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज करा. अपिलाची शेवटची तारीख वकिलांकडून लेखी घ्या आणि इतिवृत्तात नोंदवा. मुदत पाळण्यापुरती कारवाई करायचा अधिकार सचिवांना देणारा एक कायमचा ठराव करून ठेवा, म्हणजे सभेसाठी अपील अडणार नाही. कमिटी बदलताना दप्तरासोबत चालू प्रकरणांच्या तारखांची यादी सही घेऊन द्या. आणि तरीही उशीर झालाच, तर एक दिवसही न घालवता अर्ज करा, खरं कारण लिहा, त्याचे कागद जोडा. आजार असेल तर डॉक्टरांचा दाखला, प्रवास असेल तर तिकीट. खोटं प्रमाणपत्र जोडलंत आणि ते उघडं पडलं, तर उशिरापेक्षा ते जास्त महाग पडेल.

आणि सभासदांना एकच सांगणं. शेजाऱ्याची केस तुमच्यासारखीच असेल, तर त्याच्याबरोबर लढा किंवा आपलं अपील वेगळं पण वेळेत करा. लढायचं नसेल तर तसं ठरवा आणि मन मोकळं करा. कुंपणावर बसून त्याच्या निकालाकडे डोळे लावून बसू नका. त्याचा निकाल चांगला लागला, तरी तोवर तुमची तारीख निघून गेलेली असेल.

पंचवीस वर्षं आपण एकमेकांचे वाद बरेचसे चहाच्या कपावर मिटवले, हे या सोसायटीचं भाग्य. पुढची पंचवीसही तशीच जावोत. पण एखाद्या वेळी पायरी चढावीच लागली, तर वेळेत चढा.

प्रश्न विचारायला पुष्कळ जण टपलेले दिसताहेत, म्हणून मी इथेच थांबतो.